वाळू आणि कायदा : लेखांक 6 – जप्त वाहनाची सुटका

परवान्यावाचून वाळू वाहताना धरलेल्या वाहनाचे पुढे काय होते, आणि त्या जप्तीस मालकाला कोणत्या आधारावर हरकत घेता येते, हा या आठवड्याचा विषय.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 हिच्या कलम 48 मधील पोटकलम 7 हे दंडाचे आणि पोटकलम 8 हे जप्तीचे. पहिल्यान्वये अनधिकृतपणे काढलेल्या वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड बसतो. दुसऱ्यान्वये जिल्हाधिकारी, किंवा त्यांनी प्राधिकृत केलेला व तहसीलदाराहून खालच्या दर्जाचा नसलेला महसूल अधिकारी, वाहन जप्त करू शकतो. मात्र ते 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे, अथवा निदान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या प्राधिकृत अधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते, आणि विहित दंड भरून घेऊन, शिवाय हे वाहन पुन्हा अशा कामी लावणार नाही असा, त्याच्या बाजारभावाहून अधिक नसलेल्या रकमेचा जातमुचलका लिहून घेऊन, ते सोडण्याचा अधिकार त्या वरिष्ठाचा आहे, तहसीलदाराचा नव्हे.

आता प्रत्यक्ष नदीकाठी काय घडते ते पाहावे. मध्यरात्री ट्रॅक्टर अडवतो तो तलाठी किंवा मंडळ अधिकारी. पंच म्हणून कोणी दोघे झोपेतून उठवून आणलेले असतात. आणि पंचनाम्यात ‘अंदाजे एक ब्रास वाळू’ एवढेच लिहून सह्या होतात. ब्रास म्हणजे 100 घनफूट. ट्रॉलीचा हौदा 10 फूट लांब, 5 फूट रुंद आणि वाळूचा थर 2 फूट उंच असेल तर हिशेब बरोबर एक ब्रास येतो. पण ही तीन मापे कागदावर नसतील, तर पाचपट कशाची करावयाची? तसेच जप्तीची वेळ व हजर केल्याची वेळ नमूद नसेल, तर 48 तासांची अट पाळली गेली हे सिद्ध कसे व्हावे? वकिलाचे पहिले प्रश्न हेच असतात, आणि माझ्या मते ते रास्तही आहेत. कारण संविधानाच्या अनुच्छेद 300 क प्रमाणे कायद्याच्या प्राधिकाराखेरीज कोणाचीही मालमत्ता हिरावता येत नाही, मग तो मालक वाळूचोर का असेना.

प्रकरण पोलिसांकडे गेले की वाट बदलते. सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये दिल्ली सरकार विरुद्ध संजय या निवाड्यात असे ठरविले की, 1957 च्या खाण व खनिज अधिनियमाखालील गुन्ह्याची दखल न्यायालयाने प्राधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी फिर्यादीवरच घ्यावयाची असली, तरी नदीपात्रातील सरकारी वाळू नेणे ही स्वतंत्र चोरीही ठरू शकते. तशा गुन्ह्यात मुद्देमाल म्हणून आलेल्या वाहनासाठी अर्ज दंडाधिकाऱ्यापुढे करावा लागतो. पूर्वी तो फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 451 किंवा 457 खाली होई, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या 497 किंवा 503 खाली होतो. जप्त वाहने ठाण्याच्या आवारात दीर्घकाळ सडत ठेवू नयेत, योग्य बंधपत्र व हमी घेऊन ती सोडावीत, असे सुंदरभाई देसाई प्रकरणी 2002 मध्येच सांगून झाले आहे. तरीही कचेऱ्यांच्या आवारांत बॅटरी नाहीशी झालेले, चाके मातीत रुतलेले ट्रॅक्टर दिसतात, आणि कर्जाचे हप्ते मात्र थांबत नाहीत. अनेक हायवांचा धनी हे सोसतो. एकाच ट्रॅक्टरवर पोट असलेला सोसू शकत नाही.

महसुली आदेशावर मात्र संहितेच्या कलम 247 खाली वरिष्ठाकडे अपील आहे. ते डावलून थेट रिट याचिका केली, तर उच्च न्यायालय बहुधा याचिकाकर्त्याला अपिलाकडेच परत धाडते. पण आदेश देणाऱ्यास मुळात अधिकारच नव्हता, किंवा म्हणणे ऐकून न घेताच दंड ठोठावला, असे दाखविता आले तर पर्यायी उपाय आड येत नाही, हे 1998 च्या व्हर्लपूल निवाड्याने स्पष्ट केले आहे. म्हणून कारणे दाखवा नोटीस, पंचनामा व आदेश यांच्या नकला आधी मागून घ्याव्यात आणि सही कोणाची, कोणत्या तारखेची, हे पाहूनच अर्ज लिहावयास बसावे.

परवाना खरा, पण त्यावरील वेळ उलटून गेलेली, अशा वाहनांचा प्रश्न पुढील लेखांकी.