बारा गावचा ‘बा’

मराठीतला ‘बा’ हा शब्द किती लहान! एक व्यंजन आणि एक काना, एवढाच त्याचा पसारा. पण त्याच्या खांद्यावर आपण ओझे मात्र बरेच टाकले आहे. घरातला बाप म्हणजे ‘बा’. देव जवळचा वाटू लागला की त्यालाही आपण ‘बा’ जोडतो. विठ्ठलाचा विठोबा होतो, खंडेरायाचा खंडोबा होतो. शिवेवरचा म्हसोबा आणि धनगरांचा बिरोबा तर आहेतच. संतही यातून सुटले नाहीत. ज्ञानदेव ज्ञानोबा झाले, तुकाराम तुकोबा झाले. शिवाय ज्याला धड अर्थच नाही असाही एक ‘बा’ आपल्याकडे आहे. ‘नको रे बा’, ‘मला नाही बा ठाऊक’. हा ‘बा’ वाक्यातून काढून टाकला तर अर्थात काडीचा फरक पडत नाही. वाक्य तेवढे कोरडे होते.

हाच ‘बा’ महाराष्ट्राची शीव ओलांडतो तेव्हा काय होते, ते पाहण्यासारखे आहे.

प्रथम उत्तरेकडे जाऊ. गुजराती घरात ‘बा’ म्हणजे आई, आणि पुष्कळ घरांत आजीसुद्धा. मराठी मुलाने ‘विठोबा, खंडोबा, जोतिबा’ अशी नावे ऐकलेली असतात. त्याच्या समोर ‘कस्तुरबा’ हे नाव आले की ते क्षणभर गोंधळते. आपल्याकडे पुरुषाच्या नावाला लागणारी शेपटी तिकडे बाईच्या नावाला लागते, आणि तीही आदराने. कस्तुरबा गांधींना सारा देश नुसते ‘बा’ म्हणत असे. 22 फेब्रुवारी 1944 रोजी पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये, स्थानबद्धतेत त्यांचा अंत झाला. ज्या शहरात ‘बा’ म्हणजे बाप, त्याच शहरात देशाच्या ‘बा’ची, म्हणजे आईची समाधी आहे. बडोद्याच्या मराठी घरांना या गोष्टीचे नवल वाटायचे नाही. गायकवाडांच्या काळापासून तिथे राहिलेल्या कुटुंबांतली मुले शेजारच्या ‘बा’च्या हातचे ढोकळे खात वाढली आहेत.

गुजराती आणि मराठी या बहिणी-बहिणी, तेव्हा त्यांच्यातला हा गोंधळ घरगुतीच म्हणायचा. दक्षिणेला गेलो की मात्र घरच बदलते. कानडी हे द्राविडी कुळातले. तिथे ‘बा’ हे नाव नाही, क्रियापद आहे. ‘बा’ म्हणजे ‘ये’. मानाने बोलवायचे तर ‘बन्नि’, म्हणजे ‘या’. लहान मुलाला किंवा मित्राला सलगीने ‘बारो’. सोलापूर, अक्कलकोट, जत, बेळगाव या पट्ट्यात एकाच गल्लीत हे दोन्ही ‘बा’ नांदतात. एका दारातला पोरगा बापाला ‘बा’ म्हणून हाक मारतो, तर दुसऱ्या दारातली आई पोराला ‘बा’ म्हणून जेवायला बोलावते. सोलापुरात तेलुगू घरेही पुष्कळ. त्यांच्याकडे ‘ये’ला ‘रा’ म्हणतात. त्या गल्लीतले मूल पाच-सहा वर्षांचे होईतो, कुठल्या दारातून आलेल्या हाकेचा कोणता अर्थ घ्यायचा हे कुणी न शिकवता शिकलेले असते.

पंडित भीमसेन जोशींनी लक्ष्मीला आवाहन करणारे पुरंदरदासांचे कानडी पद मराठी घराघरांत पोहोचवले. त्यातला ‘बारम्मा’ हा शब्द आपण माना डोलावत ऐकतो. ‘ये, आई’ असा त्याचा अर्थ. आपल्या कानाला बापासारखा वाटणारा ‘बा’ तिथे आईला बोलावतो आहे!

आता एक गंमत करून पाहू. ‘विठोबा’ हे नाव कानडी कानाने ऐका. ‘विठो, बा!’ म्हणजे ‘विठो, ये!’ पंढरीच्या देवाचे कर्नाटकाशी असलेले नाते संतांनीही सांगितलेले आहे. त्यामुळे हा अर्थ इतका चपखल बसतो की विठोबाच्या नावाचे मूळच सापडले असे एखाद्याला वाटावे. पण ही नुसती कोटी आहे, व्युत्पत्ती नव्हे. तोच ‘बा’ खंडोबाला आहे, म्हसोबाला आहे, तुकोबांना आहे आणि पाटलाच्या मळ्यावरच्या गणोबालाही आहे. तो मराठी ‘बा’च आहे. सारखा आवाज ऐकला की नाते जुळवायचे हा आपला जुना छंद. व्हॅटिकनमध्ये ‘वाटिका’ शोधणारी पुस्तके आपण चवीने वाचली आहेत. भाषेचा अभ्यासक मात्र एका शब्दावर सोयरीक जुळवत नाही. दोन भाषांतल्या शेकडो शब्दांत ध्वनींचा नियमित बदल दिसतो का, व्याकरणाची हाडे जुळतात का, हे तो आधी पाहतो.

एकटा शब्द किती फसवू शकतो याचा नामी दाखला ऑस्ट्रेलियात मिळतो. क्वीन्सलंडमधल्या म्बाबाराम या आदिवासी भाषेचा अभ्यास आर. एम. डब्ल्यू. डिक्सन यांनी 1960च्या दशकात केला. त्या भाषेत कुत्र्याला काय म्हणतात? ‘डॉग’! इंग्रजांकडून उचललेला शब्द असेल असे कुणालाही वाटेल. पण तो त्या भाषेचा स्वतःचा शब्द आहे. शेजारच्या भाषांतल्या शब्दांशी ताडून पाहिले की त्याची घडण उलगडते. दोन्ही भाषा आपापल्या वाटेने चालत आल्या आणि एका आवाजावर योगायोगाने भेटल्या.

आपल्या ‘बा’लाही असे परके जुळे पुष्कळ आहेत. व्हिएतनामी भाषेत ‘बा’ म्हणजे तीन. 2 सप्टेंबर 1945 रोजी हो चि मिन्ह यांनी स्वातंत्र्याची घोषणा वाचली तो हनोईतला चौक ‘बा दिन्ह’ या नावाने ओळखला जातो. 1886-87 साली फ्रेंचांविरुद्ध उठाव झाला त्या जागेचे हे नाव. तीन गावांच्या तीन चावड्यांवरून ते पडलेले. त्याच देशाच्या दक्षिण भागात मुले बापालाही ‘बा’ म्हणतात, थेट आपल्यासारखी. आणि सूर खाली उतरवून ‘बा’ म्हटले तर आजी होते.

चिनी भाषेतही सुरावर सारे अवलंबून. वरच्या, सपाट सुरात ‘बा’ म्हणजे आठ. आठ हा तिथे भाग्याचा आकडा, म्हणून बीजिंग ऑलिम्पिकचे उद्घाटन 8 ऑगस्ट 2008 रोजी रात्री 8 वाजता झाले. वरून झपकन खाली येणाऱ्या सुरात ‘बा’ म्हणजे बाप. आणि वाक्याच्या शेवटी हलकेच टेकवलेला ‘बा’ म्हणजे आग्रह : ‘त्सोउ बा’, चला, जाऊ या. आपल्या ‘नको रे बा’तल्या ‘बा’ची आठवण व्हावी असाच हा प्रकार.

आणि प्राचीन इजिप्त? तिथे ‘बा’ म्हणजे माणसाच्या आत्म्याचा एक भाग. थडग्यांतल्या चित्रांत तो माणसाच्या तोंडाचा पक्षी म्हणून दिसतो. मेलेल्या माणसाला सोडून तो दिवसा बाहेर उडतो आणि रात्री देहाकडे परततो, अशी समजूत होती. इजिप्शियन लिपीत स्वर लिहीत नसत, तेव्हा ‘बा’ हा उच्चार अभ्यासकांनी सोयीसाठी ठरवलेला आहे, हेही सांगितले पाहिजे.

बाप, आई, ये, तीन, आठ, आत्मा. एका अक्षराचे हे अर्थ पाहिले की प्रश्न पडतो : असे का व्हावे?

अर्धे उत्तर साध्या हिशेबात आहे. आपली 34 व्यंजने आणि बाराखडीतली 12 रूपे यांचा गुणाकार केला तर एका व्यंजनाची अक्षरे होतात 408. जगात भाषा आहेत 7000च्या आसपास, आणि प्रत्येकीला रोजच्या वापरासाठी लहान शब्द लागतातच. अक्षरे मोजकी आणि मागणी अफाट, मग एकच आवाज दहा ठिकाणी दहा कामांना जुंपला गेला तर नवल कसले?

उरलेले अर्धे उत्तर पाळण्यात आहे. आपली वर्णमाला कंठातून निघते आणि ओठांशी येते. आधी क-ख-ग, मग टाळू, मग दात, आणि व्यंजनांच्या पाच वर्गांत सर्वांत शेवटी प-फ-ब-भ-म. मूल मात्र ही वर्णमाला उलट्या टोकाने सुरू करते. त्याला आधी साधतात ते ओठ. ओठ मिटायचे, उघडायचे आणि आवाज सोडायचा, की झाला ‘बा’ किंवा ‘मा’. भाषाशास्त्रज्ञ रोमान याकबसन यांनी 1960 साली प्रसिद्ध झालेल्या एका निबंधात याचा छडा लावला. मानववंशशास्त्रज्ञ जॉर्ज पीटर मर्डॉक यांनी जगभरच्या भाषांतून आई आणि बाप यांच्यासाठीचे 1072 शब्द गोळा केले होते. आईच्या शब्दांपैकी 55 टक्क्यांत ‘म’, ‘न’ असे नाकातले ध्वनी होते. बापाच्या शब्दांत ते जेमतेम 15 टक्के. याकबसन यांचे म्हणणे असे की, अंगावर पिताना मुलाचे तोंड गुंतलेले असते, तेव्हा त्याला नाकातूनच हुंकार देता येतो. पुढे भूक लागली की तेच हुंकार ते काढते, आणि आई समजते की पोर मला बोलावते आहे.

यातले मर्म ‘आई समजते’ या दोन शब्दांत आहे. मूल आवाज काढते; त्याचा अर्थ ठरवते ते घर. पाळण्यातून ‘बा’ आला तेव्हा मराठी घराने तो बापाच्या पदरात टाकला, गुजराती घराने आईच्या. जॉर्जियन भाषेने तर कमालच केली. तिथे ‘मामा’ म्हणजे बाप आणि ‘देदा’ म्हणजे आई! जपानी माणूस आपल्या आईविषयी बोलताना ‘हाहा’ म्हणतो आणि बापाविषयी बोलताना ‘चिची’. आपल्याला हसू येते. पण आपल्या ‘आई’वर त्यांनाही हसू येईल; त्यांच्या भाषेत ‘आइ’ म्हणजे प्रेम. अर्थात, हसून झाल्यावर ते कदाचित म्हणतील की यात फारसे चुकले नाही.

इथवर सगळी मौजच होती. पण हाच आवाज आणि अर्थाचा खेळ एखाद्या सहा वर्षांच्या मुलाला महागात पडू शकतो.

साखरशेत हे जव्हार तालुक्यातले गाव. जव्हार-मोखाड्याचा हा डोंगराळ मुलूख 2014 सालापर्यंत ठाणे जिल्ह्यात होता, आता पालघरमध्ये आहे. वारली, कोकणा, कातकरी, ठाकूर, महादेव कोळी अशी इथली वस्ती. 1992 साली वावर-वांगणीच्या बालमृत्यूंमुळे या भागाचे नाव वर्तमानपत्रांत आले. इथल्या मुलांच्या रिकाम्या ताटाबद्दल तेव्हा लिहिले गेले आणि ते लिहायलाच हवे होते. त्यांच्या तोंडच्या शब्दांबद्दल मात्र क्वचितच कुणी लिहिले.

ग्रियर्सन यांनी भाषा-सर्वेक्षणात वारली बोली मराठीच्या खंडात घातली. म्हणजे ही काही कानडीसारखी परक्या कुळातली भाषा नव्हे. पण खरी अडचण तिथेच आहे. परका शब्द समोर आला की आपण थांबतो, विचारतो. ओळखीचा वाटणारा शब्द आला की थांबत नाही. ‘पाडा’ म्हणजे देशावरच्या शेतकऱ्याला गाईचे खोंड, इथे ती घरांची वस्ती. ‘राब’ म्हटले की शहरी माणसाला राबणे आठवते. इथे राब म्हणजे पावसाआधी पालापाचोळा आणि शेण पसरून भाजलेली जमीन, जिच्यात नागलीचे, भाताचे रोप तयार होते. कोकणा बोलीत बाप ‘बाहास’ असतो. आणि ‘हिरवा’? पुस्तकात तो पानाचा रंग आहे. वारल्यांच्या घरात हिरवा हा देव आहे, मोरपिसांच्या जुडग्यात राहणारा.

जव्हारच्या बाजूला फिरताना मला राहून राहून एक गोष्ट जाणवली. वर्गात ‘हिरवा म्हणजे काय?’ असे विचारल्यावर एखादे मूल ‘देव’ म्हणाले, तर ते उत्तर चूक ठरवायला एक क्षण पुरतो. पण ते उत्तर बरोबर आहे. त्याच्या घराने त्या आवाजाला दिलेला अर्थ त्याने सांगितला, जसा गुजराती मुलाने ‘बा’चा अर्थ आई सांगावा आणि कानडी मुलाने ‘ये’ सांगावा. आपण कानडी मुलाला चूक म्हणत नाही, कारण त्याच्यामागे एक राज्य, एक लिपी आणि ग्रंथांची कपाटे उभी आहेत. पाड्यावरच्या मुलामागे फक्त त्याचे घर उभे असते. एकदा-दोनदा चूक ठरले की मूल गप्प बसायला शिकते, आणि गप्प बसलेले मूल काय जाणते हे मग कुणालाच कळत नाही.

यावर उपाय नाही असे नाही. 2013 साली अरुण जाखडे यांच्या संपादनाखाली भारतीय भाषांच्या लोकसर्वेक्षणाचा महाराष्ट्र खंड निघाला, त्यात या राज्यातल्या बोलींची दखल घेतली गेली. 2020च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने, शक्य तिथे निदान पाचवीपर्यंत घरच्या भाषेतून शिकवावे असे म्हटले आहे. पण धोरण पाड्यावर पोहोचेपर्यंत एका शिक्षकाला, एका परिचारिकेला, तालुक्याच्या कचेरीतल्या एका कारकुनाला आजच करता येण्याजोगी गोष्ट अगदी लहान आहे. ओळखीचा शब्द कानावर आला तरी विचारायचे : ‘तुमच्यात याला काय म्हणायचं?’

हिरवा कोण, हे मुलाला आधी सांगू द्यावे. पानाचा रंग त्यानंतर शिकवता येतो.