विश्लेषण : कस्टम ब्रोकरचा परवाना आजीवन, मग मुदतीचा वाद कशाचा?

न्हावा शेवा बंदरात उतरलेला कंटेनर असो वा मुंबई विमानतळावरून परदेशी निघालेला माल, त्याची कागदपत्रे बहुतेक वेळा कस्टम ब्रोकरच्या हातून जातात. दर दहा वर्षांनी या परवान्याचे नूतनीकरण करण्याची अट केंद्राने २०२१ मध्ये काढून टाकली. पण परवाना रद्द करताना सीमाशुल्क विभागाने नियमातील मुदत पाळलीच पाहिजे का, यावर उच्च न्यायालयांचे एकमत नाही. हा वाद नेमका काय आहे?

कस्टम ब्रोकर कोण असतो?

आयातदार किंवा निर्यातदाराच्या वतीने बिल ऑफ एन्ट्री वा शिपिंग बिल दाखल करणे, मालाच्या तपासणीपासून तो सोडवून घेण्यापर्यंतची कामे करणे हा त्याचा व्यवसाय. जुनी मंडळी त्याला आजही ‘सीएचए’ म्हणतात. सीमाशुल्क कायदा, १९६२च्या कलम १४६ नुसार या कामासाठी परवाना लागतो आणि त्याचे तपशील २०१८च्या परवाना नियमावलीत आहेत. ब्रोकरच्या नावावर एकच परवाना असला, तरी ‘जी कार्ड’ आणि ‘एच कार्ड’वर काम करणाऱ्या कर्मचाऱ्यांचे पगार त्याच्यावरच चालतात.

नूतनीकरणाची अट कधी गेली?

२३ जुलै २०२१ रोजी नियमावलीत दुरुस्ती झाली आणि परवाना आजीवन वैध ठरला. मात्र ब्रोकर सलग एक वर्षाहून अधिक काळ निष्क्रिय राहिला, तर परवाना अवैध ठरू शकतो. असा परवाना पुन्हा सुरू करण्याचा अधिकार आयुक्तांना आहे. ज्याला व्यवसायच बंद करायचा आहे, त्याला परवाना स्वतःहून परतही करता येतो. म्हणजे दहा वर्षांची तारीख लक्षात ठेवण्याची गरज उरली नाही, पण काम सुरू असल्याची नोंद ठेवणे गरजेचे झाले.

परवाना रद्द करण्याची प्रक्रिया काय?

ग्राहकाची ओळख, पत्ता, आयात-निर्यात संकेतांक यांची खातरजमा न करणे हा ब्रोकरवर हमखास होणारा आरोप. अशा प्रकरणात गुन्ह्याचा अहवाल मिळाल्यापासून ९० दिवसांत आयुक्तांनी कारणे दाखवा नोटीस द्यायची असते. ब्रोकरला उत्तरासाठी ३० दिवस मिळतात. नोटीस दिल्यापासून ९० दिवसांत चौकशी अधिकाऱ्याने अहवाल द्यायचा आणि त्यानंतरच्या ९० दिवसांत आयुक्तांनी अंतिम आदेश काढायचा. एकूण २७० दिवस, म्हणजे साधारण नऊ महिने.

तातडीची गरज वाटल्यास आयुक्त परवाना आधीच निलंबित करू शकतात. तसे केल्यास १५ दिवसांत ब्रोकरला बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते आणि सुनावणीनंतर १५ दिवसांत निलंबन उठवायचे की कायम ठेवायचे, हे ठरवावे लागते.

मुदत उलटली तर काय?

खरा वाद इथे आहे. नोटीस ९० दिवसांऐवजी १५० दिवसांनी आली तर काय होणार, हे नियम सांगत नाही. दिल्ली आणि मद्रास उच्च न्यायालयांनी आपल्या निकालांमध्ये ही मुदत बंधनकारक मानली. ती चुकली की कारवाई टिकत नाही, असा त्याचा अर्थ.

मुंबई उच्च न्यायालयाने एप्रिल २०१८ मध्ये ‘युनिसन क्लिअरिंग’ प्रकरणात वेगळी भूमिका घेतली. मुदत पाळली जावी, पण ती चुकल्यामुळे कारवाई आपोआप रद्द होत नाही. अधिकाऱ्याच्या दिरंगाईचा फायदा दोषी ब्रोकरला मिळू नये, हा त्यामागचा विचार. मात्र विभागाला मोकळे रान दिलेले नाही. उशीर का झाला याचा हिशेब द्यावा लागेल आणि कारवाई वाजवी काळातच पूर्ण करावी लागेल, असेही न्यायालयाने बजावले.

व्यवहारात फरक काय पडतो?

तेवढाच उशीर दिल्लीत विभागाच्या अंगाशी येऊ शकतो, मुंबईत तो कारण देऊन निभावता येऊ शकतो. दोन्ही बाजूंना वजन आहे. तस्कराला मदत करणारा ब्रोकर केवळ तारखेच्या चुकीवर सुटणे योग्य नाही. पण निलंबित ब्रोकरसाठी प्रत्येक महिना महत्त्वाचा असतो. ग्राहक दुसरीकडे जातात, कर्मचारी नोकरी शोधू लागतात. दोन वर्षांनी निर्दोष ठरल्यावर गेलेला धंदा परत येईलच असे नाही. शिवाय ब्रोकरला उत्तर देण्याची मुदत आहेच. मग विभागाची मुदत सैल का, हा व्यावसायिकांचा सवाल आहे.

ब्रोकरने काय लक्षात ठेवावे?

९० दिवसांची मोजणी गुन्हा घडल्यापासून नव्हे, तर आयुक्तांना अहवाल मिळाल्यापासून होते. त्यामुळे अहवाल कधी पोहोचला, याची लेखी माहिती मागावी. नोटीस, चौकशी अहवाल आणि आदेश मिळाल्याच्या तारखा जपाव्यात. मुदत उलटली असेल, तर हा आक्षेप पहिल्याच उत्तरात नोंदवावा. आयुक्तांच्या आदेशाविरुद्ध अपील न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते आणि तिथे झालेल्या उशिराचा हिशेब या तारखांवरूनच लागतो.