रोजंदारीचा खेळाडू : लोगन थॉमस आणि लायकीचा प्रश्न

आजच्या विषयात अमेरिकन फुटबॉल आहे हे वाचून काहींना वाटलं असेल, तत्त्वज्ञानाच्या माणसाचं तिथे काय काम? काम आहे. माणसाला त्याच्या लायकीप्रमाणे मिळतं का, हा नीतिशास्त्रातला फार जुना प्रश्न. त्याची चर्चा करताना अडचण अशी होते की मुळात लायकी मोजायची कशी, हेच ठरत नाही. खेळात निदान काही गोष्टी मोजून ठेवलेल्या असतात. म्हणून आज मी एका खेळाडूची कारकीर्द घेतली आहे. त्याचं नाव लोगन थॉमस. महान खेळाडूंच्या यादीत त्याचं नाव नाही, आणि आपल्या प्रश्नासाठी तेच सोयीचं आहे.

अशा खेळाडूला अमेरिकेत 'जर्नीमन' म्हणतात. या शब्दात 'जर्नी' आहे म्हणून अनेकांना वाटतं, हा गावोगाव फिरणारा, आज या संघात तर उद्या त्या संघात. अर्थ जुळतो, पण व्युत्पत्ती वेगळी आहे. फ्रेंचमध्ये 'जुर्ने' म्हणजे दिवस, दिवसभराचं काम. मध्ययुगीन युरोपातल्या कारागिरांच्या संघांत तीन पायऱ्या असत. पहिला शिकाऊ, शेवटचा उस्ताद, आणि मधला हा जर्नीमन. काम पूर्ण शिकलेला, पण स्वतःचं दुकान नसलेला, दुसऱ्याच्या दुकानात दिवसाच्या मजुरीवर राबणारा. म्हणजे मराठीत सांगायचं तर रोजंदारीवरचा कसबी माणूस. त्याच्या कसबाबद्दल शंका नाही. प्रश्न आहे तो दुकानाचा. हे लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

आता थॉमस ज्या जागी खेळला ती जागा समजून घेऊ. अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपण ज्याला फुटबॉल म्हणतो तो नव्हे. इथे अंडाकृती चेंडू हातात घेऊन पळतात, फेकतात, झेलतात. मैदानावर प्रत्येक संघाचे ११ जण. क्वार्टरबॅक हा चेंडू घेऊन बहुतेक वेळा तो फेकणारा, सगळ्या चढाईचा सूत्रधार. त्याच्यापुढे धिप्पाड खेळाडूंची एक रांग असते. त्यांचं काम एकच, समोरच्याला अंगानं अडवायचं. याला ब्लॉक करणं म्हणतात. नियम असा आहे की रांगेतल्या मधल्या लोकांनी पुढे फेकलेला चेंडू झेलायचा नाही, तो अधिकार रांगेच्या दोन टोकांना आणि मागे उभ्या असलेल्यांना. या रांगेला चिकटून, टोकाला जो उभा राहतो तो 'टाइट एंड'. म्हणजे बघा, त्याला रांगेतल्या पैलवानासारखं अडवताही आलं पाहिजे आणि पळत जाऊन झेलताही आलं पाहिजे. त्याने किती झेल घेतले, किती यार्ड मिळवले, हे नोंदवलं जातं. त्याने किती वेळा समोरच्याला थोपवलं आणि त्यामुळे दुसऱ्या कुणाला यार्ड मिळाले, याचा रकाना मात्र सामन्याच्या नेहमीच्या अधिकृत तक्त्यात नाही. त्याचं निम्मं काम तक्त्याबाहेर राहतं.

आणि हे काम टिकतं कसं? एन.एफ.एल.मध्ये, म्हणजे तिथल्या व्यावसायिक लीगमध्ये, ३२ संघ आहेत. थॉमसच्या काळात उन्हाळी शिबिरात प्रत्येक संघाकडे ९० पर्यंत खेळाडू असत. मोसम सुरू होताना ठेवता येत ५३. म्हणजे एका संघातून ३७, सगळे मिळून ११८४ जण ऑगस्ट-सप्टेंबरच्या सुमारास बाहेर. त्यांतले काही सरावपथकात परत घेतले जात, २०१६ साली संघामागे १०. त्यांनी सराव करायचा, सामन्यात उतरायचं नाही, पगार आठवड्याच्या हिशेबाने. खालच्या फळीतल्या खेळाडूचा करार कागदावर दोन-तीन वर्षांचा असला तरी त्यातली बरीचशी रक्कम हमीची नसते, काढून टाकलं की ती गेली. निवृत्तिवेतनाचा हक्क मिळायला किमान तीन मोसम हिशेबात धरले जावे लागतात. म्हणून सप्टेंबरातल्या त्या निवडीवर त्या मोसमाचा पगारच नव्हे, म्हातारपणही टांगलेलं असतं.

आता थॉमसकडे येऊ. जन्म १९९१ चा. व्हर्जिनिया राज्यातल्या लिंचबर्ग गावच्या शाळेत खेळला. उंची साडेसहा फूट. गंमत अशी की व्हर्जिनिया टेक विद्यापीठाने त्याला घेतलं तेव्हा देशातल्या उत्तम टाइट एंडपैकी एक म्हणून त्याची ख्याती होती. तिथल्या प्रशिक्षकांनी त्याला क्वार्टरबॅक केलं. २०११ ते २०१३ अशी तीन वर्षं तो तिथला प्रमुख क्वार्टरबॅक होता आणि चेंडू फेकून मिळवलेल्या एकूण यार्डांचा, ९००० हून अधिक, विद्यापीठाचा विक्रम त्याने केला. २०१४ च्या निवडीत अ‍ॅरिझोना संघाने त्याला चौथ्या फेरीत, १२० व्या क्रमांकावर घेतलं. क्वार्टरबॅक म्हणून.

तिथे त्याला किती संधी मिळाली? त्या वर्षी ऑक्टोबरमध्ये डेन्व्हरविरुद्ध पहिल्या पसंतीचा क्वार्टरबॅक आधीच जायबंदी होता, दुसऱ्याला सामन्यातच मार लागला, म्हणून तिसरा थॉमस उतरला. त्या मोसमात त्याने एकूण ९ वेळा चेंडू फेकला. एकच झेलला गेला, पण तो ८१ यार्डांचा टचडाउन ठरला. वर्षाच्या शेवटी जागा पुन्हा रिकामी झाली, तेव्हा संघाने दुसऱ्याला उभं केलं. पुढच्या वर्षी अ‍ॅरिझोनाने त्याला सोडलं. मग मायामी. मग न्यूयॉर्क जायंट्स. तिथूनही सुटका. एन.एफ.एल.मध्ये त्याने क्वार्टरबॅक म्हणून फेकलेले चेंडू तेवढेच, नऊ.

२०१६ च्या मोसमात डेट्रॉइटच्या सरावपथकात तो शिरला तो टाइट एंड म्हणून. वय २५. अठराव्या वर्षी ज्या कामासाठी त्याला पारखलं होतं तेच काम आता तो शून्यापासून शिकणार होता. त्याच मोसमाच्या अखेरीस बफेलोने त्याला उचललं. २०१७ मध्ये तिथे ७ झेल, २०१८ मध्ये १२. २०१९ मध्ये पुन्हा डेट्रॉइट, १६ झेल. तीन वर्षांचे मिळून ३५ झेल, ३१७ यार्ड, २ टचडाउन. २०२० मध्ये तो वॉशिंग्टनला गेला. आणि त्या एका मोसमात ७२ झेल, ६७० यार्ड, ६ टचडाउन!

ही गोष्ट सांगायची नेहमीची पद्धत तुम्हाला माहीत आहे. धीर धरला, मेहनत केली, फळ मिळालं. तालुक्याच्या सत्कारसमारंभापासून जगभर ती अशीच सांगतात. माझं म्हणणं असं की आकडे ही गोष्ट सांगत नाहीत. जरा भागाकार करून बघू. पहिल्या तीन वर्षांत ३१७ भागिले ३५, म्हणजे एका झेलामागे सुमारे ९.१ यार्ड. २०२० मध्ये ६७० भागिले ७२, म्हणजे सुमारे ९.३. जवळपास तेच! चेंडू हातात आल्यावर हा माणूस जे करत होता ते फारसं बदललं नाही. चेंडू किती वेळा हातात आला, ते बदललं. त्या मोसमात त्याच्या दिशेने ११० वेळा चेंडू फेकला गेला. का? कारण २०२० च्या सुरुवातीला वॉशिंग्टनच्या दोन नामांकित टाइट एंडपैकी व्हर्नन डेव्हिस निवृत्त झाला होता आणि जॉर्डन रीडला संघाने मोकळं केलं होतं. दुकानात जागा रिकामी होती.

इथे कुणीतरी आक्षेप घेईल, आणि घ्यायलाच हवा. सर, संधी काय आकाशातून पडते? प्रशिक्षक सरावात बघतो, ज्याच्यात गुण दिसतो त्याला संधी देतो. मग जास्त संधी हाच जास्त गुणांचा पुरावा नाही का? आक्षेप चांगला आहे. थॉमस तीन वर्षांत शिकला, हे मीही नाकारत नाही. सरासरी एकच गोष्ट मोजते, हेही खरं. पण आक्षेपाचं तर्कशास्त्र तपासा. संधी मिळाली म्हणजे गुण होते, आणि गुण होते हे कशावरून, तर संधी मिळाली. हे वर्तुळ आहे. या वर्तुळातून बाहेर पडायचं तर संधी देण्यामागे गुणांशिवाय दुसरं काही कारण होतं का, ते पाहावं लागतं. ते इथे दिसतं. दोन माणसं गेली नसती, तर हाच थॉमस, याच गुणांनिशी, आणखी एक १२-१५ झेलांचं वर्ष घालवून कदाचित बाहेर पडला असता.

१९७६ साली बर्नार्ड विल्यम्स आणि टॉमस नेगेल या दोन तत्त्वज्ञांनी 'नैतिक दैव' या विषयावर निबंध लिहिले. नेगेल दैवाचे चार प्रकार करतो. त्यातला एक परिस्थितीचा. छळछावणीवरचा एखादा अधिकारी नाझी सत्तेवर आलेच नसते तर साधं, निरुपद्रवी आयुष्य जगला असता. आणि धंद्यानिमित्त वेळीच अर्जेंटिनाला गेलेला जर्मन माणूस मायदेशी राहिला असता तर काय झाला असता, कोण जाणे. आपण माणसाला त्याने जे केलं त्यावरून जोखतो. पण त्याच्यापुढे काय करायचं आलं, हे त्याच्या हातात नसतं. थॉमसचं उदाहरण नैतिक नाही, पण रचना तीच. आपण त्याला ७२ झेलांवरून जोखतो.

पुढचंही बघा. २०२१ च्या उन्हाळ्यात वॉशिंग्टनने त्याचा करार तीन वर्षांनी वाढवला, सुमारे २ कोटी ४० लाख डॉलरचा. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये गुडघ्याचा अस्थिबंध फाटला. तो परत आला. २०२३ मध्ये ५५ झेल, ४९६ यार्ड. २०२४ च्या मार्चमध्ये संघाने त्याला सोडलं. उन्हाळ्यात तो सॅन फ्रान्सिस्कोच्या शिबिरात गेला, वयाच्या तेहतिशीत. म्हणजे दुकान मिळालं असं वाटलं, तेही भाड्याचंच होतं.

मग मेहनतीला काही अर्थच नाही का? प्रश्नोत्तरांत हा प्रश्न हमखास येतो आणि कुणीतरी गीतेतला कर्म-फळाचा श्लोक आठवून देतं. मी इथे दोन गोष्टी वेगळ्या करायला सांगेन. संधी आली तेव्हा तो तयार होता, हे श्रेय थॉमसचं. पंचविसाव्या वर्षी, ज्या कामात विक्रम केला ते सोडून, समोरच्याला अंगावर घ्यायचं काम शिकणं सोपं नाही. तयारी मेहनतीनं येते. संधी मेहनतीनं येत नाही, निदान मेहनतीच्या प्रमाणात येत नाही. फळाची आशा ठेवू नये, हा उपदेश खेळाडूने स्वतःला केला तर त्यातून मनाचं बळ मिळतं. तोच उपदेश संघाच्या मालकाने, ज्याच्या हातात ५३ जागा आहेत, खेळाडूला केला तर ती सोय होते. उपदेश कोण कुणाला करतो, हे पाहिल्याशिवाय त्याची किंमत ठरवू नये.

आणि शेवटचा मुद्दा, जो अशा यशोगाथांत नेहमी सुटतो. थॉमसबरोबर २०१६ च्या सप्टेंबरात जे बाहेर पडले, त्यांच्यातही तयार माणसं होती. त्यांच्यासाठी कुणी जागा रिकामी केली नाही, म्हणून त्यांची नावं आपल्याला माहीत नाहीत. एका थॉमसवरून 'चिकाटी असली की जमतंच' असा नियम काढला, तर या शेकडो लोकांवर आपण न बोलता आरोप ठेवतो की तुमची चिकाटीच कमी पडली. या आरोपाला पुरावा नाही. तेव्हा कुणाची कारकीर्द जोखायची झाली, तर केलं किती याच्याशेजारी, करायला मिळालं किती, हा दुसरा रकानाही मांडा. तो पुष्कळदा कोरा सोडावा लागेल. तरी मांडा.