खेकडे साठवायचेत? आधी उकळा, मग गोठवा

रविवारच्या बाजारात चिंबोऱ्यांचा वाटा स्वस्तात मिळाला की दोन वाटे घ्यावेसे वाटतात. एक आज, एक बुधवारी. घरात फ्रिज आहे, मग बिघडते कुठे, असा सरळ हिशेब असतो. मटणाच्या आणि मासळीच्या बाबतीत तो बराचसा जमतोही. खेकड्याच्या बाबतीत मात्र जमत नाही. त्याचे कारण नीट समजून घेतले तर पैसाही वाचेल आणि घरातल्या मुलांची पोटेही.

खेकड्याच्या पाठीच्या कवचाखाली पिवळसर-तपकिरी मऊ गर असतो. ती त्याची अन्न पचवणारी ग्रंथी. खेकडा जिवंत असेपर्यंत तिच्यातले रस त्याचे अन्न पचवतात. तो मेला की तेच रस पसरून त्याचेच मांस विरघळवू लागतात. म्हणून मेलेल्या खेकड्याचे मांस काही तासांत पिठूळ होते. शिवाय कवचावर आणि कल्ल्यांत खाडीचे, समुद्राचे जंतू आधीपासूनच बसलेले असतात. त्यांतला एक व्हिब्रिओ पॅराहिमोलिटिकस. १९५० साली जपानमधील ओसाका भागात अर्धवट वाळवलेल्या बारीक मासळीतून २७२ माणसांना विषबाधा झाली आणि २० जण दगावले, तेव्हा हा जंतू ओळखला गेला. उबदार हवेत तो दहा-पंधरा मिनिटांत दुप्पट होऊ शकतो. आपल्याकडची उन्हाळ्यातली दुपार त्याला अगदी मानवते.

तेव्हा पहिली गोष्ट ठरवून टाकावी. चिंबोरी घ्यायची ती जिवंतच. पाय हलवणारी, हाताला जड लागणारी, पोटाकडून दाबल्यावर न दबणारी. वजनाला हलकी आणि दाबल्यावर पिचकणारी चिंबोरी बहुधा नुकतीच कात टाकलेली असते. तिच्यात पाणीच जास्त. अमावस्येच्या चिंबोऱ्या भरलेल्या आणि पौर्णिमेच्या पोकळ असे आपल्याकडे मानतात. तुम्ही तिथी पाहून जा, पण हातात घेऊन वजनही पाहा. पाठीवर तीन ठिपके असलेले समुद्राचे खेकडे मात्र बाजारात बहुतेक वेळा मेलेलेच, बर्फावर ठेवलेले येतात. ते घेऊ नयेत असे नाही. पण ते बर्फात नीट पुरलेले असावेत, पाय घट्ट असावेत आणि नाकाशी धरल्यावर मुतारीसारखा उग्र वास येऊ नये. असे खेकडे त्याच दिवशी शिजवावेत. रात्री उशिरा उरलेले वाटे निम्म्या किमतीत मिळतात, त्यांत मेलेल्या चिंबोऱ्या मिसळलेल्या असतात. चिंच, लिंबू, जास्तीचा मसाला घालून त्या सुधारत नाहीत, फक्त वास झाकला जातो.

पुष्कळदा मावशीकडूनच चिंबोऱ्या तोडून, साफ करून घेतल्या जातात. कामावरून सुटून गाडीला लटकत घरी जाणाऱ्या बाईला ते सोयीचे पडते, हे खरे. पण तोडली त्या क्षणी ती मेली, आणि तिथून वेळ मोजायची. घर तासाभराच्या आत असेल तर ठीक. नाही तर मावशीकडूनच दोन मुठी बर्फ मागून घ्यावा आणि पिशवीत पाणी साचू देऊ नये. जिवंत नेणार असाल तर ओल्या गोणपाटात, सावलीत, हवा लागेल अशी न्यावी. घरी आणून बादलीभर नळाच्या पाण्यात सोडू नये. चिंबोरी खाऱ्या, मचूळ पाण्यात राहणारी. गोड्या पाण्यात ती मरते. प्लॅस्टिकची पिशवी घट्ट बांधली तर गुदमरून मरते.

घरी आल्यावर जिवंत चिंबोऱ्या वीस-पंचवीस मिनिटे बर्फात ठेवल्या की त्या बधिर होतात. त्यांचे हाल कमी होतात, आपली बोटे वाचतात आणि उकळत्या पाण्यात टाकल्यावर पाय झडत नाहीत. नंतर पाठीचे कवच काढावे, दोन्ही बाजूंचे पिसासारखे कल्ले, पोटावरची झडप आणि तोंडामागची पिशवी काढून टाकावी. कल्ले विषारी असतात असे काही जणी सांगतात. विषारी नसतात, पण सगळी घाण गाळून घेतात ते तेच.

साठवायचा खेकडा कच्चा गोठवू नये. या लेखातले दुसरे काही लक्षात राहिले नाही तरी चालेल, एवढे राहावे. कच्चा गोठवला तर पाचक रसाचे काम बर्फातही अगदी हळू चालू राहते, मांस काळसर पडते आणि कवचाला चिकटते. आणि गोठवल्याने जंतू मरतात हा मोठा गैरसमज आहे. ते नुसते थांबतात, बर्फ वितळला की पुन्हा वाढतात. जंतू मारते ती आच. मीठ घातलेले पाणी खळखळ उकळू द्यावे, त्यात साफ केलेले तुकडे टाकून पाणी पुन्हा उकळल्यापासून आठ-दहा मिनिटे ठेवावेत. पाव किलोची अख्खी चिंबोरी असेल तर बारा-पंधरा मिनिटे. कवच लाल झाले म्हणजे शिजले असे नव्हे, रंग आधीच बदलतो. आतले मांस पांढरे, घट्ट आणि अपारदर्शक दिसले पाहिजे.

उकळलेले तुकडे परत त्याच टोपलीत किंवा त्याच ताटात टाकायचे नाहीत. ही चूक चांगल्या सुगरणींकडूनही होते, कारण टोपली स्वच्छच दिसते. टोपली, सुरी, विळी, ओटा साबणाने धुतल्याशिवाय शिजवलेला खेकडा त्यांना लागू देऊ नये. तुकडे लगेच बर्फाच्या पाण्यात पाच-दहा मिनिटे गार करून निथळावेत. गरम पातेले तसेच फ्रिजमध्ये ढकलले तर शेजारचे दूधही कोमट होते.

गोठवताना मांस काढून ठेवू नये, ते दोरीसारखे चिवट होते. कवचासकटच तुकडे ठेवावेत. आतला केशरी-पिवळा गर मात्र त्याच दिवशी खाऊन टाकावा, त्यातली चरबी लवकर खवट होते. नांग्यांच्या टोकांनी पिशवी फाटते, म्हणून तुकडे आधी बटर पेपरात किंवा चांदीच्या कागदात गुंडाळून, हवा दाबून काढून मग पिशवीत आणि डब्यात घालावेत. एका जेवणाला लागेल तेवढीच पुडी करावी आणि एका थरात पसरावी. झटपट गोठते आणि मांस पाणचट होत नाही. डब्यावर तारखेची चिठ्ठी लावावी.

आता नांग्यांच्या रसाविषयी. बारीक पाय पाट्यावर किंवा मिक्सरमध्ये वाटून, पाणी घालून गाळतात आणि तो रस रश्श्यात घालतात. रश्श्याची खरी चव त्यातच असते. पण हा रस कच्चा असतो आणि इतका पातळ केलेला की जंतूंना वाढायला त्याहून सोपी जागा नाही. तो उद्यासाठी वाटीत झाकून ठेवणे फार धोक्याचे. वाटला की लगेच उकळावा. जास्त असेल तर उकळून, गार करून गोठवावा. तयार रस्सा ठेवायचा असेल तर खोबऱ्याचे वाटण नंतर ताजे घालावे. ओल्या खोबऱ्याचा रस्सा लवकर आंबतो.

किती दिवस टिकतो, हे खेकड्यापेक्षा फ्रिजवर अवलंबून आहे. वजा १८ अंशांपर्यंत जाणारा कप्पा असेल तर दोन-तीन महिने. पण आपल्यातल्या बहुतेकांकडे एकदारी फ्रिज आहे, आणि त्याचा बर्फाचा कप्पा इतका थंड असेलच असे नाही. वजा १२ अंशांच्या कप्प्यात महिनाभर आणि वजा ६ अंशांच्या कप्प्यात आठवडाभर, असा साधारण हिशेब आहे. दारावरच्या कागदावर छापलेले तारे विजेच्या बचतीचे असतात, थंडाव्याचे नव्हेत. त्यामुळे शंका असेल तिथे आठवडाच धरावा. खालच्या कप्प्यात उकळलेला खेकडा दोन दिवस, फार तर तीन. तोही झाकणाच्या डब्यात. कच्चा असेल तर सर्वांत खाली, म्हणजे त्याचे पाणी कणकेवर किंवा दुधावर ठिबकणार नाही.

एकदारी फ्रिजमध्ये बर्फ साचला की मधले बटण दाबून तो वितळवतात. ते दाबण्यापूर्वी आतली पुडी आठवावी. वितळून पुन्हा गोठलेला खेकडा वरून तसाच दिसतो. वीज जाण्याचेही तसेच. त्यावर एक सोपी युक्ती आहे. वाटीभर पाणी गोठवून त्यावर एक नाणे ठेवावे आणि ती वाटी कप्प्यातच राहू द्यावी. गावाहून परत आल्यावर नाणे वरच असले तर ठीक. बर्फात बुडालेले किंवा तळाला गेलेले दिसले तर मागे वीज बराच वेळ गेली होती, पुडी टाकून द्यावी. जिवावर येते, पण द्यावी.

काढताना पुडी रात्रभर खालच्या कप्प्यात ठेवावी, नाही तर सरळ उकळत्या रश्श्यात टाकावी. सकाळी ओट्यावर काढून संध्याकाळी परत येईपर्यंत तशीच ठेवू नये. आणि एकदा वितळलेला पुन्हा गोठवू नये.

गावाकडच्या वाचकांसाठी ओढ्या-नदीच्या खेकड्यांचे वेगळे सांगायला हवे. पहिल्या पावसात बत्ती घेऊन धरलेले खेकडे निखाऱ्यावर भाजून खाण्याची मजा वेगळीच, पण ते अर्धेकच्चे राहतात. गोड्या पाण्याच्या खेकड्यात फुप्फुसाला लागणारा एक जंत असू शकतो. मणिपूर, नागालँडकडे या जंताचे रुग्ण आढळले आहेत. खोकला लागतो, थुंकीतून रक्त पडते आणि क्षय समजून औषधे चालू राहतात. सर्दीवर खेकड्याचे सूप द्यायचे तर चांगले उकळलेले द्यावे. कच्चा रस औषध म्हणून मुलांना मुळीच पाजू नये. घरच्या फ्रिजमध्ये गोठवून हा जंत मरेल, या भरवशावरही राहू नये.

खेकडा खाल्ल्यावर ओठ सुजले, अंगावर गांधी उठल्या, दम लागला तर ती वावडी आहे. तिच्यावर शिजवणे, गोठवणे यांचा उपाय चालत नाही. अशा माणसाला लगेच दवाखान्यात न्यावे आणि पुन्हा खेकडा, कोळंबी देऊ नये. उलट्या-जुलाब बहुधा अर्ध्या-एक दिवसाने सुरू होतात. ओआरएसची पुडी नसेल तर एक लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ घालून ते घोट घोट पाजत राहावे. चमचा चहाचा घ्यावा. शौचात रक्त दिसले, लघवी थांबली किंवा मूल मलूल पडले तर थांबू नये. डॉक्टरांना खेकडा कधी आणला आणि कधी खाल्ला, हे वेळेसह सांगावे.