परदेशात गाडी भाड्याने घेताना लागणारी कागदपत्रे

परदेशात स्वतः चालवण्यासाठी गाडी भाड्याने घेताना कंपनीला तीन गोष्टींची खात्री हवी असते: गाडी घेणारी व्यक्ती कोण आहे, तिला गाडी चालवण्याचा अधिकार आहे का आणि काही नुकसान झाल्यास पैसे कोण भरणार. पासपोर्ट, वाहन परवाना आणि क्रेडिट कार्ड ही त्यांची उत्तरे. यांतले एक जरी कमी पडले तरी आगाऊ आरक्षण असूनही गाडी नाकारली जाऊ शकते आणि भरलेले पैसे परत मिळतीलच असे नाही.

ओळखीसाठी पासपोर्ट आणि आवश्यक तेथे व्हिसा दाखवावा लागतो. आरक्षण, परवाना, पासपोर्ट आणि कार्ड या सर्वांवरील नाव जुळले पाहिजे. महाराष्ट्रात नाव, वडिलांचे किंवा पतीचे नाव आणि आडनाव असे तिहेरी नाव लिहिण्याची पद्धत असल्याने एका कागदावर पूर्ण नाव आणि दुसऱ्यावर नुसते आद्याक्षर, असा फरक अनेकदा आढळतो. लग्नानंतर पासपोर्टवरील आडनाव बदलले आणि परवान्यावर जुनेच राहिले, असेही होते. अशी तफावत निघण्यापूर्वीच दुरुस्त करून घ्यावी. पासपोर्ट दाखवावा, त्याची प्रत द्यावी. मात्र अनामत म्हणून मूळ पासपोर्ट कोणाच्या ताब्यात ठेवू नये.

दुसरा कागद वाहन परवान्याचा. भारतीय परवाना सर्वत्र सारखा चालत नाही. ब्रिटनमध्ये पर्यटकाला तो वैध असेपर्यंत १२ महिन्यांपर्यंत त्यावर छोटी मोटारगाडी चालवता येते. जपान आणि इटलीत त्याच्या जोडीला आंतरराष्ट्रीय वाहन परवाना लागतो. चीनच्या मुख्य भूमीवर हा आंतरराष्ट्रीय परवानाही मान्य नाही. तिथे स्थानिक तात्पुरता परवाना काढावा लागतो. म्हणून त्या देशाचा नियम आणि कंपनीची अट, दोन्ही आधी पाहावीत. कायद्याने सवलत दिली असली तरी कंपनी अधिक कागद मागू शकते.

आंतरराष्ट्रीय परवाना हा स्वतंत्र परवाना नसून मूळ परवान्याचा अनेक भाषांतील अधिकृत अनुवाद असतो. त्यामुळे तो एकटा निरुपयोगी ठरतो. मूळ परवाना सोबत हवाच. भारत आंतरराष्ट्रीय परवाना १९४९च्या जिनिव्हा वाहतूक करारानुसार देतो. जपान याच करारानुसार दिलेले परवाने स्वीकारतो, त्यामुळे तिथे भारतात काढलेल्या आंतरराष्ट्रीय परवान्याला अडचण येत नाही. अर्ज राहत्या भागातील आरटीओकडे, नमुना ४-अ भरून करावा लागतो. त्यासाठी सारथी संकेतस्थळाची सोय आहे. वैध परवाना आणि पासपोर्ट ही मुख्य कागदपत्रे, आणि शुल्क १,००० रुपये. हा परवाना एक वर्ष चालतो. मूळ परवान्याची मुदत त्याआधी संपत असेल तर तेवढीच. परदेशात असताना मुदत संपल्यास भारतीय दूतावासामार्फत नूतनीकरणाचा अर्ज करण्याची सोय २०२१ पासून आहे. ‘आंतरराष्ट्रीय लायसन्स’ घरपोच देण्याचा दावा करणाऱ्या खासगी संकेतस्थळांची कार्डे मात्र कायदेशीर नसतात आणि अपघात झाल्यावर ती विम्याच्याही कामी येत नाहीत.

तिसरी गोष्ट पैशांची हमी. बहुतेक कंपन्या मुख्य चालकाच्याच नावाचे क्रेडिट कार्ड मागतात आणि त्यावर अनामत रक्कम अडवून ठेवतात. गाडी परत केल्यावर ती मोकळी होते, पण त्याला काही दिवस लागू शकतात. डेबिट कार्ड, रोख रक्कम किंवा जोडीदाराचे कार्ड अनेक ठिकाणी चालत नाही. कार्डावर परदेशी व्यवहार सुरू आहेत आणि मर्यादा पुरेशी आहे, हे बँकेकडून आधीच पक्के करावे.

वयाचा पुरावा पासपोर्टवरच असतो. अनेक कंपन्या किमान वय २१ ठेवतात आणि २५ वर्षांखालील चालकांकडून जादा आकार घेतात. परवाना मिळून किमान एक वर्ष झालेले असावे, अशीही अट असते. दुसरी व्यक्ती गाडी चालवणार असेल तर तिचे कागद दाखवून करारात तिचे नाव घालावे लागते. नोंद नसलेल्या चालकाच्या हातून अपघात झाला तर विमा नाकारला जातो.

काउंटरवर हाती येणारा भाडेकरारही तितकाच महत्त्वाचा. विम्यात काय येते, नुकसानीतला किती वाटा ग्राहकाने भरायचा आणि काच, टायर, गाडीचा तळ त्यात धरला आहे का, हे सही करण्यापूर्वी वाचावे. युरोपात गाडी सीमेपलीकडे न्यायची असल्यास कंपनीची लेखी परवानगी घ्यावी. गाडी ताब्यात घेताना आधीचे ओरखडे व पोचे तपासणी पत्रकात नोंदवून त्यांचे फोटो काढावेत. प्रवासभर परवाने आणि करार गाडीत जवळ असावेत आणि गाडी परत केल्यावरही, अनामत सुटेपर्यंत, करार व पावती जपून ठेवावी. टोल किंवा दंडाची रक्कम नंतरही कार्डावर आकारली जाऊ शकते.