विकतच्या गाण्यावरील कुलूप

लोकप्रिय संगीताचा अल्बम संगणकावर कायदेशीर मार्गाने मिळवणे आणि तो सुरक्षितपणे मिळवणे या दोन गोष्टी आज एकच वाटत असल्या, तरी शतकाच्या आरंभी त्या बराच काळ एकमेकींपासून दूर होत्या. १९९९ मध्ये अमेरिकेत सुरू झालेल्या नॅपस्टरने परस्परांच्या संगणकांवरील एमपीथ्री, म्हणजे आकाराने लहान केलेल्या ध्वनिफाइली, फुकट घेण्याची सोय करून दिली. न्यायालयीन लढाईत २००१ मध्ये ती बंद पडली, पण श्रोत्यांची सवय मोडली नाही.

ॲपलने २८ एप्रिल २००३ रोजी आयट्यून्सचे दुकान उघडून ९९ सेंटना एक गाणे विकायला सुरुवात केली, मात्र त्यावर डीआरएम, म्हणजे ठरावीक संगणकांबाहेर फाइल वाजू न देणारे डिजिटल कुलूप होते. ग्राहकावर कुलूप घालण्याच्या या विचाराचे टोक २००५ मध्ये सोनी बीएमजीच्या काही सीडींनी गाठले: रीतसर विकत घेतलेली तबकडी विंडोज संगणकात घालताच नक्कल रोखणारी प्रणाली गुपचूप आत शिरून स्वतःला लपवीत असे, आणि त्याच आडोशाला घातक प्रोग्रामही दडू लागल्यावर कंपनीला तबकड्या परत मागवाव्या लागल्या. प्रामाणिक ग्राहकाचाच संगणक असुरक्षित करणारा हा प्रकार अक्षम्यच म्हटला पाहिजे.

ऑक्टोबर २००७ मध्ये रेडिओहेड या ब्रिटिश वाद्यवृंदाने ‘इन रेनबोज’ हा अल्बम कुलपाविना, श्रोता ठरवील त्या किमतीत, अगदी शून्यातही, स्वतःच्या संकेतस्थळावर ठेवला. पुढे त्याची सीडी निघाली तेव्हा तीही ब्रिटन व अमेरिकेत विक्रीच्या अग्रस्थानी गेली, म्हणजे विश्वास टाकल्याने विक्री बुडतेच असे नाही, हे दिसून आले. त्याच वर्षी ईएमआय या संगीत कंपनीने आपल्या गाण्यांचे कुलूप काढायला आरंभ केला होता, आणि २००९ मध्ये आयट्यून्सवरील सर्व गाणी मोकळी झाली.

भारतात फ्लिपकार्टने २०१२ मध्ये ‘फ्लाइट’ या नावाने कुलूपरहित एमपीथ्री विकण्यास प्रारंभ केला, डिसेंबरमध्ये आयट्यून्सही आले. पण ‘फ्लाइट’ २०१३ मध्येच बंद झाले आणि पुढे स्ट्रीमिंगने, म्हणजे वर्गणी भरून वा जाहिराती ऐकून मिळणाऱ्या तात्पुरत्या श्रवणाने, विक्रीची जागा घेतली. स्ट्रीमिंगमध्ये करार संपताच अल्बम यादीतून नाहीसा होऊ शकतो. ‘फ्लाइट’च्या ज्या ग्राहकांनी फाइली उतरवून जपल्या, त्यांची गाणी मात्र दुकान मिटल्यावरही वाजत राहिली.