खंडोबाचा वार आणि लँकेशायरची भीती

पुण्याहून सातारा रस्त्यानं निघालं की कात्रजचा बोगदा, खेड-शिवापूर आणि मग वरवे बुद्रुक येतं. भोर तालुक्यातलं हे गाव हमरस्त्याला लागूनच आहे. पुढे नसरापूर फाटा, कापूरहोळ, आणि नीरा ओलांडली की शिरवळचे कारखाने. या पट्ट्यातल्या कारखान्यात कायम नोकरीला असलेल्या माणसाला चार गोष्टी गृहीतच असतात: आठवड्याची सुट्टी, मधली जेवणाची सुट्टी, महिन्याच्या ठरलेल्या तारखेच्या आत पगार, आणि यंत्रात हात सापडलाच तर भरपाई. डोंगर जसे पहिल्यापासून आहेत तशा या गोष्टीही पहिल्यापासूनच असाव्यात, असं आपण समजून चालतो.

पण या चारही मागण्या पहिल्यांदा एका कागदावर आल्या त्या मुंबईत, परळला, सप्टेंबर १८८४ मध्ये. त्या कागदाखाली सुमारे साडेपाच हजार गिरणी कामगारांच्या सह्या होत्या. आणि तो कागद लिहायची संधी मिळाली ती बऱ्याच अंशी मँचेस्टरच्या गिरणीमालकांना मुंबईची भीती वाटू लागली होती म्हणून! इंग्लंडातला मजुरांचा लढा आपल्या गल्लीबोळांत कसा उतरला, याचा माग काढताना मी या ठिकाणी दर वेळी थबकतो.

१८५४ साली कावसजी नानाभाई दावर यांनी मुंबईत ताडदेवला कापसाची गिरणी काढायला घेतली. मागोमाग इतरांच्या गिरण्या उभ्या राहिल्या. यंत्रं लँकेशायरची, म्हणजे मँचेस्टरच्या आसपासच्या कापडगिरण्यांच्या मुलखातली, आणि ती बसवणारे जाणकारही तिकडचेच. वीस वर्षांत मुंबईचं सूत चीनच्या बाजारात लँकेशायरच्या सुताशी झुंजू लागलं. आता दोन्हीकडचा दिवस शेजारी शेजारी ठेवून पाहा. इंग्लंडात १८३३ चा कारखाना कायदा आला, कापडगिरण्यांत नऊ वर्षांखालच्या मुलांना कामावर घ्यायला बंदी झाली. मग कामगारांनी वर्षानुवर्षं सभा, अर्ज, मोर्चे करून १८४७ मध्ये बायका आणि पोरांसाठी दहा तासांचा दिवस मिळवला. १८७४ च्या कायद्यानं त्यांचा आठवडा साडेछप्पन्न तासांवर आला. बायकापोरं निघून गेल्यावर गिरणी चालायची नाही, म्हणून पुरुषांचाही दिवस तेवढाच झाला. मुंबईत मात्र सूर्य उगवला की गिरणी सुरू आणि मावळला की बंद. हिवाळ्यात साधारण अकरा-बारा तास, उन्हाळ्यात तेरा-चौदा. लँकेशायरमधल्या ओल्डहॅमहून आलेला तोच साचा इकडे आठवड्याला कितीतरी तास जास्त फिरत होता.

लँकेशायरच्या मालकांनी ओरड सुरू केली की मुंबईलाही कायदा लावा. त्यांना कामगारांचा कळवळा आला होता असं म्हणणं धाडसाचं ठरेल. पण त्यांच्याच बाजूला एक माणूस असा होता, ज्याच्या कळवळ्याबद्दल शंका घ्यायला जागा नाही. लॉर्ड शाफ्ट्सबरी. इंग्लंडातल्या पोरांसाठी तो १८३३ पासून झगडत होता, दहा तासांच्या कायद्यामागेही त्याचे कष्ट होते. १८७५ मध्ये, पंचाहत्तरीला टेकलेला हा म्हातारा लॉर्डांच्या सभागृहात उभा राहिला आणि त्यानं मुंबईच्या गिरण्यांतल्या पोरांचा प्रश्न काढला. त्याच वर्षी मुंबई सरकारनं चौकशी आयोग नेमला, आणि त्याच वर्षी मुंबईच्या गिरणीमालकांनी आपला संघ स्थापन केला. सहा वर्षांनी, १८८१ मध्ये, हिंदुस्थानचा पहिला कारखाना कायदा झाला. त्यात काय होतं? सात वर्षांखालच्या पोरांना काम नाही. सात ते बारा वयाच्या पोरांना नऊ तास, त्यात एक तास विश्रांती आणि महिन्याला चार सुट्ट्या. मोठ्यांच्या तासांबद्दल एक ओळही नाही.

एवढ्याशा कायद्यालाही आपल्याकडे मोठा विरोध झाला. बरीच देशी वर्तमानपत्रं त्याला मँचेस्टरचा डाव म्हणत होती, आणि अर्धी गोष्ट खरीच होती. पण उरलेलं अर्धं सत्य पहाटे अंधारात गिरणीच्या दारात उभं होतं. ते ज्यानं पाहिलं तो माणूस म्हणजे नारायण मेघाजी लोखंडे.

लोखंडे ठाण्याचे, जन्म १८४८ चा. महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक समाजातले. मांडवीच्या एका गिरणीत ते भांडारपाल होते, त्यामुळे गिरणीचा हिशेब आणि गिरणीतला घाम दोन्ही त्यांनी जवळून पाहिले. कृष्णराव भालेकरांनी पुण्यात १८७७ मध्ये सुरू केलेलं ‘दीनबंधु’ लोखंड्यांनी १८८० मध्ये मुंबईला नेलं आणि त्याचे संपादक झाले. एका दिवसाचा खाडा झाला की दोन दिवसांचा पगार कापायचा, केलेल्या कामाचा पगार महिना-महिना अडकवून ठेवायचा, सुट्टीच्या दिवशी यंत्रं पुसायला बोलवायचं, हे सगळं त्यांनी छापून काढलं.

१८८४ मध्ये सरकारनं पुन्हा आयोग नेमला तेव्हा त्यांनी परळला कामगारांच्या सभा घेतल्या आणि तो कागद तयार झाला. मागण्या पाच होत्या. दर रविवारी पूर्ण सुट्टी. दुपारी अर्धा तास विश्रांती. काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्यास्ताला बंद. मागच्या महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत. आणि कामावर जबर जखमी झालेल्याला बरा होईपर्यंत पूर्ण पगार, कायमचा अधू झाला तर निर्वाहाची सोय. पुन्हा वाचा. पगारवाढीचा शब्दही नाही! ही माणसं पैशाआधी वेळ मागत होती, आणि स्वतःच्याच पैशाची तारीख.

यातली पहिली मागणी मला सगळ्यात विलक्षण वाटते. रविवार हा साहेबाच्या चर्चचा वार, असं वाटेल. पण तो खंडोबाचाही वार आहे, आणि लोखंड्यांनी त्याचाच आधार घेतला असं सांगतात. वरव्याच्या माणसाला हे समजावून सांगायची गरज नाही. कापूरहोळवरून नारायणपूर, सासवड करत जेजुरी गाठायची वाट त्याच्या पायाखालची आहे. मालकांना नाकारायला अवघड आणि घाटावरच्या कामगाराला एका क्षणात आपला वाटेल असा वार निवडणं, यात मोठी जाण होती.

२४ एप्रिल १८९० ला महालक्ष्मीच्या रेसकोर्सवर सुमारे दहा हजार कामगार जमले. त्या सभेत दोन कामगार बायका उठून बोलल्या. १८९० साली, दहा हजारांपुढे! त्यांची भाषणं जशीच्या तशी आपल्या हाती असती तर शाळेच्या पुस्तकात घालावीत, असं मला मनापासून वाटतं. १० जून १८९० ला गिरणीमालकांच्या संघानं रविवारची सुट्टी मान्य केली. पुढच्या वर्षीच्या कायद्यानं आठवड्याची सुट्टी आणि दुपारचा अर्धा तास देशभरच्या कारखान्यांना लागू केला. बायकांचा दिवस अकरा तासांवर आला, पोरांचा सातवर. हे सगळं मिळवणाऱ्या लोखंड्यांच्या मिलहँड्स असोसिएशनकडे वर्गणी नव्हती, नियमावली नव्हती, सभासदांची यादीसुद्धा नव्हती. ब्रिटनमधल्या संघटनांची १८६८ पासून स्वतःची काँग्रेस होती, १८७१ पासून कायद्याची मान्यता होती. इथं होता एक संपादक, त्याचं वर्तमानपत्र आणि सह्यांचे कागद. १८९७ च्या प्लेगात रुग्णांची सेवा करताना लोखंडे त्याच आजारानं गेले.

मग एक अशी गोष्ट झाली जी त्या पाच मागण्या लिहिणाऱ्या कुणाच्याही डोक्यात आली नसेल: गिरण्यांत विजेचे दिवे आले. ‘सूर्यास्ताला काम बंद’ या मागणीत सूर्याला फितवता येत नाही हे गृहीत होतं. दिवा लागला आणि मावळतीला काही अर्थच उरला नाही. १९०५ च्या सुमारास कापडाला तेजी आली तेव्हा काही गिरण्या पंधरा-पंधरा तास चालू लागल्या. कामगारांत संताप उसळला, पुन्हा समित्या बसल्या, आणि १९११ च्या कायद्यानं कापडगिरण्यांतल्या प्रौढ पुरुषांच्या तासांवर पहिल्यांदा मर्यादा आली: दिवसाला बारा. तिथून १९२२ मध्ये आठवड्याला साठ, १९३४ मध्ये चोपन्न, १९४६ मध्ये अठ्ठेचाळीस. शेवटच्या पायरीच्या वेळी केंद्रात मजूर खातं डॉ. बाबासाहेब आंबेडकरांकडे होतं. आपल्या १९३६ च्या पक्षाचं नाव त्यांनी ‘स्वतंत्र मजूर पक्ष’ ठेवलं होतं. ब्रिटनमध्ये त्याच नावाचा पक्ष १८९३ मध्ये निघाला होता.

आता ब्रिटनमधल्या एका खेड्याकडे वळू या, कारण मजूर चळवळ म्हटलं की आपल्याला धुराडीच दिसतात. तिकडचे सर्वांत आठवले जाणारे हुतात्मे शेतमजूर होते. डॉर्सेटमधलं टॉलपडल हे लहानसं गाव. आठवड्याची मजुरी कमी होत होत सात शिलिंगांवर आली होती, ती सहा करायचा घाट होता. जॉर्ज लव्हलेस आणि पाच सोबत्यांनी संघटना केली. संघटना करणं तेव्हा गुन्हा नव्हता. म्हणून सरकारनं बंडखोर खलाशांसाठी केलेला, गुप्त शपथेविरुद्धचा १७९७ चा जुना कायदा शोधून काढला आणि १८३४ मध्ये सहाही जणांना सात वर्षांसाठी ऑस्ट्रेलियाला धाडलं. देशभर सह्यांची मोहीम झाली, १८३६ मध्ये माफी द्यावी लागली.

१९२९ साली हीच चाल आपल्याकडे खेळली गेली. आदल्या वर्षी मुंबईत जवळजवळ दीड लाख गिरणी कामगार एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत संपावर होते. कारण सरळ होतं: दोन साचे सांभाळणाऱ्या विणकराला तीन सांभाळायला लावायचे, म्हणजे तिसरा माणूस घरी. त्या संपातून गिरणी कामगार युनियन उभी राहिली आणि वर्ष संपायच्या आत तिचे सभासद पन्नास हजारांवर गेले. तिच्यात डांगे, निंबकर, मिरजकर, जोगळेकर होते. अर्जुन आळवे आणि कासले हे तर प्रत्यक्ष साच्यावरून आलेले. आणि त्यांच्या खांद्याला खांदा लावून बेन ब्रॅडली नावाचा लंडनचा यंत्रकामगार होता. साहेबाच्या देशातला कामगार साहेबाच्याच सरकारविरुद्ध आपल्या विणकरांच्या बाजूनं उभा राहिला. मार्च १९२९ मध्ये सगळ्यांना पकडून राजाविरुद्ध कटाचा खटला भरला, तोही मुंबईत नाही, मीरतला. कारण तिथं ज्यूरी बसवावी लागत नव्हती. आरोपींत तीन इंग्रज होते. खटला जवळजवळ चार वर्षं रेंगाळला आणि या सगळ्यांना सोडा म्हणून ब्रिटनमधल्या कामगारांनीही आवाज उठवला.

शेवटची गोष्ट गोदीची. १८८९ मध्ये लंडनच्या गोदी कामगारांनी पाच आठवडे संप केला. रोज सकाळी दारात गर्दी करायची, मुकादमानं बोट दाखवलं तर काम, नाहीतर उपाशी परत. त्यांनी मागितलं तासाला सहा पेन्स आणि घेतलं तर निदान चार तासांचं काम. ऑस्ट्रेलियातल्या कामगारांनी त्यांना तीस हजार पौंड पाठवले आणि संप जिंकला गेला. पण गर्दीतून माणूस उचलायची पद्धत खऱ्या अर्थानं मोडली ती १९४७ मध्ये, राष्ट्रीय गोदी कामगार योजना आली तेव्हा. कामगाराची नोंद एका मालकाकडे नाही, मंडळाकडे. मंडळ पाळीपाळीनं काम वाटणार, काम नसलेल्या दिवसाचंही थोडं देणार. १९४८ च्या कायद्यानं हीच कल्पना आपल्याकडे आली आणि १९५१ मध्ये मुंबईचं गोदी कामगार मंडळ सुरू झालं.

गोदीच्या भिंतीबाहेर पोती वाहणाऱ्यांचं काय? आज या दुकानाचा माल, उद्या त्या दुकानाचा. मालक कोण तेच सांगता येत नाही. मुंबईत अण्णासाहेब पाटलांनी, पुण्यात हमाल पंचायतीच्या बाबा आढावांनी हा प्रश्न धसास लावला, आणि १९६९ मध्ये महाराष्ट्रानं माथाडी कायदा केला. हमालाची नोंद मंडळात, व्यापाऱ्याचीही नोंद मंडळात. व्यापारी मजुरी आणि तिच्यावर ठरावीक टक्के लेव्ही मंडळात भरतो. मंडळ त्यातून पगार, भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, बोनस, दवाखाना बघतं. भोर-वेल्ह्याच्या डोंगरातून कामासाठी शहर गाठणाऱ्या माणसानं मार्केट यार्डात पाठीवर पोतं घेतलं, तर त्याच्या म्हातारपणाची तजवीज एखाद्या शेठच्या मर्जीवर राहू नये म्हणून केलेली ही रचना आहे.

ब्रिटनमध्ये मार्गारेट थॅचर यांच्या सरकारनं १९८९ मध्ये गोदी कामगार योजना रद्द केली. लंडनच्या त्या संपाला तेव्हा बरोबर शंभर वर्षं होत होती. महाराष्ट्रातली माथाडी मंडळं त्यानंतरही चालू राहिली.